नेस्टा कार्टर: पहिल्या लेगचा माणूस आणि बोल्टचं गेलेलं सुवर्ण

चौथी लेन

जमैकाच्या उसेन बोल्टची ऑलिंपिक सुवर्णपदकं किती, यावर अजूनही वाद होतात. नऊ जिंकली, आठ उरली. गेलं ते २००८ च्या बीजिंगमधलं ४ बाय १०० रिलेचं, आणि गेलं त्याच संघातल्या नेस्टा कार्टरच्या नमुन्यात उत्तेजक सापडल्यामुळे. कार्टरबद्दल बहुतेकांना एवढंच माहीत असतं. बातम्यांचे मथळेही 'बोल्टने पदक गमावलं' असेच होते, कार्टर बिचारा तिसऱ्या परिच्छेदात. मला विचाराल तर रिलेच्या पहिल्या लेगला (चौघांतल्या पहिल्याच्या टप्प्याला) त्याच्या तोडीचा माणूस त्या दहा वर्षांत दुसरा नव्हता. त्याची कारकीर्द डागासकट, पण पूर्ण बघावी म्हणून हा धागा.

जन्म १९८५ चा, जमैकातल्या मँचेस्टर परगण्यातला. पुढे किंग्स्टनच्या एमव्हीपी क्लबात स्टीफन फ्रान्सिस यांच्या हाताखाली. असाफा पॉवेल, मायकेल फ्रेटर, शेली-अ‍ॅन फ्रेझर-प्राइस हे सगळे त्याच क्लबातले. बोल्ट आणि योहान ब्लेक मात्र ग्लेन मिल्स यांच्या रेसर्स क्लबाचे. रिलेच्या बाबतीत ही गोष्ट महत्त्वाची आहे. कार्टर आणि फ्रेटर वर्षभर एकाच मैदानावर घाम गाळत होते, त्यामुळे त्यांची पहिली अदलाबदल, म्हणजे बॅटन नावाची दांडी पुढच्याच्या हातात देणं, ही ओळखीची गोष्ट होती. राष्ट्रीय संघ बहुतेक वेळा स्पर्धेच्या तोंडावर एकत्र येतात आणि तिथेच माती खातात.

२००७, ओसाका जागतिक स्पर्धा: मार्विन अँडरसन, बोल्ट, कार्टर, पॉवेल. ३७.८९, रौप्य. तेव्हा कार्टर तिसऱ्या लेगला होता.

२००८, बीजिंग: कार्टर, फ्रेटर, बोल्ट, पॉवेल. ३७.१०. आधीचा ३७.४० चा विश्वविक्रम अमेरिकेचा, १९९२ पासूनचा. त्याच्या चिंधड्या. इथून कार्टर पहिल्या लेगवर आला तो कायमचाच.

२००९ च्या बर्लिनला तो अंतिम संघात नव्हता, स्टीव्ह मलिंग्ज होता. (याच मलिंग्जवर २०११ मध्ये आजन्म बंदी आली. जमैकाच्या रिलेचा इतिहास असा पावलोपावली ठेचा खात जातो.)

२०११, देगू: कार्टर, फ्रेटर, ब्लेक, बोल्ट. ३७.०४, विश्वविक्रम.

२०१२, लंडन: तेच चौघे, त्याच क्रमाने. ३६.८४. सदतीसच्या आत येणारा पहिला संघ. हा विक्रम आजही उभा आहे.

२०१३ मॉस्को आणि २०१५ बीजिंग, दोन्ही जागतिक सुवर्णं, दोन्ही वेळा ३७.३६. फ्रेटर संघाबाहेर गेला, ब्लेक जायबंदी झाला, दुसऱ्या-तिसऱ्या लेगला बेली-कोल, अ‍ॅशमीड, पॉवेल असे बदलत राहिले. पहिला कार्टर आणि शेवटचा बोल्ट, हे दोन खांब मात्र जागचे हलले नाहीत.

वैयक्तिक १०० मीटरमध्ये २०१० साली इटलीतल्या रिएतीला त्याने ९.७८ मारला. तेव्हा इतिहासात त्याच्यापेक्षा वेगवान माणसं फक्त तीन होती: बोल्ट, अमेरिकेचा टायसन गे, पॉवेल. आणि तरीही हा माणूस ऑलिंपिकमध्ये वैयक्तिक १०० मीटर कधीच धावला नाही. एका देशाचे तिघेच, आणि जमैकाकडे ते तिघे दर वेळी दुसरेच. जागतिक स्पर्धेत संधी मिळाली तेव्हा मात्र, २०१३ च्या मॉस्कोत, ९.९५ मध्ये ब्राँझ घेऊन आला.

आता प्रश्न. एकाच्या नमुन्यात दोष सापडला तर चौघांचं पदक काढावं का? माझं मत 'हो' आहे, पण आधी तुमचं ऐकू द्या.

झणझणीत

भारी धागा, वाचनखूण साठवली. एक बाळबोध शंका. लंडनच्या चौघांच्या तोवरच्या सर्वोत्तम वेळा मांडून बघितल्या: ९.७८, ९.८८, ९.७५, ९.५८. बेरीज ३८.९९. मग ३६.८४ कसं? दोन सेकंद गेले कुठे? उलट बॅटन द्या-घ्या करण्यात वेळ वाढायला हवा ना?

मुरूम

झणझणीत, शंका बाळबोध नाही, रिलेचं सगळं गणितच त्यात आहे. १०० मीटरच्या वेळेत ब्लॉकमधून उठून वेग घेण्याचा वेळ धरलेला असतो. रिलेत तो भुर्दंड फक्त पहिल्याला. उरलेले तिघे बॅटन हातात येण्याआधीच पळायला लागलेले असतात. घड्याळ माणसांचं नसतं, बॅटनचं असतं, आणि बॅटन शून्यापासून एकदाच निघते.

म्हणूनच पहिला लेग म्हणजे 'कुणालाही उभा करा' असा प्रकार नाही. एक तर तो पूर्ण वळणावर पळायचा. दुसरं, हातात बॅटन धरून ब्लॉकमध्ये बसायचं. उजव्या हाताची दोन बोटं बॅटनभोवती आवळलेली, बाकी बोटांवर अंगाचा भार. नवीन पोरांची बॅटन इथेच घरंगळते. आणि बॅटन उजव्याच हातात का, तर वळणावर आतल्या रेघेला चिकटून पळता यावं आणि पुढच्याला, जो लेनच्या बाहेरच्या बाजूला उभा असतो त्याला, डाव्या हातात देता यावी. दुसरा डाव्या हाताने घेतो, तिसरा परत उजव्या, चौथा डाव्या. मध्ये कुणीही हात बदलत नाही.

मी कॉलेजच्या पोरापोरींना शिकवतो. आमचा ट्रॅक मातीचा. चुन्याच्या रेघा सकाळी मारायच्या, दुपारपर्यंत निम्म्या पुसलेल्या. चेक मार्कसाठी नियमाप्रमाणे चिकटपट्टी लावता येते, पण मातीवर ती चिकटणार कशी? मग पोरं पावलाला पाऊल लावून मोजतात, बावीस पावलं, चोवीस पावलं, आणि तिथे बुटाच्या टाचेने चर पाडतात. येणारा त्या चराला पोचला की पुढच्याने मागे न बघता सुटायचं. एकदा शेजारच्या लेनवाल्या पोरीने वॉर्मअप करता करता आमच्या दुसऱ्या मुलीचा चर तुडवून सपाट केला. तिला कळलंच नाही कधी सुटायचं ते, ती अंदाजाने सुटली, लवकर सुटली, आणि पहिली मुलगी झोनच्या, म्हणजे बॅटन द्यायच्या ठरलेल्या पट्ट्याच्या, शेवटच्या रेघेपर्यंत हात लांब करून ओरडतेय, 'थांब! थांब!' बाद झालो.

सांगायचा मुद्दा, कार्टर-फ्रेटर जोडी सराव एकत्र करत होती म्हणून धागाकर्ता जे म्हणतोय ते सोळा आणे खरं. येणाऱ्याचा शेवटच्या दहा मीटरमधला वेग पुढच्याच्या डोक्यात बसलेला असावा लागतो.

खडूस काका

कौतुक पुरे झालं. पदक उत्तेजकामुळे काढून घेतलेल्या माणसाच्या कारकिर्दीवर एवढा लांबलचक लेख? उद्या सोल ऑलिंपिकला उत्तेजकात पकडलेल्या बेन जॉन्सनच्या शर्यतीतल्या सुरुवातीवरही धागा काढा. तीही फार छान होती म्हणतात.

चौथी लेन

काका, काढणारच होतो, तुम्ही सुचवलंत तर आता नक्की. 🙂

गंमत बाजूला. २००८ सोडता कार्टरची बाकीची पदकं आजही नोंदीत आहेत. २०१२ चं ऑलिंपिक सुवर्ण आहे, तीन जागतिक सुवर्णं आहेत. ती आहेत म्हणून तो निर्दोष असं मी म्हणत नाही. पण 'त्याच्यामुळे बोल्टचं गेलं' ही एकच ओळ म्हणजे कार्टर असंही मी मानायला तयार नाही. बोल्टची बाकीची रिले सुवर्णं ज्यांच्या पायावर उभी राहिली त्यातही हा होताच ना?

गोळी-औषध

मी औषधनिर्माण क्षेत्रात आहे, तेवढा भाग सांगतो. कार्टरच्या नमुन्यात सापडलं ते मिथाइलहेक्सानअमिन. उत्तेजक. मूळचा वापर चोंदलेल्या नाकावरचं औषध म्हणून. नंतर व्यायामाआधी घ्यायच्या पावडरींमध्ये शिरलं, आणि डब्यावर बरेचदा 'जिरेनियमचा अर्क' असं सोज्वळ नाव.

बीजिंगला तेव्हाच्या तपासणीत काही निघालं नाही. नमुने गोठवून ठेवलेले होते. २०१६ मध्ये आयओसीने (आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीने) बीजिंगचे ४५४ नमुने सुधारित पद्धतीने पुन्हा तपासले, त्यात हा सापडला. २५ जानेवारी २०१७ ला संघ बाद. कार्टर क्रीडा लवादाकडे गेला, ३१ मे २०१८ ला अपील फेटाळलं.

त्याचा एक मुद्दा मला तरी अगदीच पोकळ वाटत नाही. २००८ च्या बंदी यादीत हे नाव स्पष्ट लिहिलेलं नव्हतं, ते आलं २०१० पासून. पण यादीत 'अशाच रचनेची किंवा अशाच परिणामाची इतर द्रव्यं' हे शेपूट होतंच, आणि टुआमिनोहेप्टेन नावाचं त्याचं भावंड यादीत होतं. लवादाने ते ग्राह्य धरलं. रसायनशास्त्राच्या नजरेने बघितलं तर निर्णय बरोबर आहे. दोन्ही रेणू शेजारी काढून दाखवले तर बारावीचा विद्यार्थीही सांगेल की एकाच घरातले आहेत.

आपल्याकडेही याचा धुमाकूळ झालाय. २०१० च्या दिल्ली राष्ट्रकुलच्या तोंडावर आपले काही कुस्तीगीर आणि जलतरणपटू याच द्रव्यात सापडले. आणि त्याच स्पर्धेत महिलांची १०० मीटर जिंकलेल्या नायजेरियाच्या ओसायेमीचं सुवर्ण याच द्रव्यापायी गेलं.

झणझणीत

हे वाचून घाम फुटला. आमच्या तालुक्याच्या गावी एका जिममध्ये काउंटरवरच असले डबे रचून ठेवलेले असतात. ट्रेनर चमचा भरून शेकरमध्ये टाकतो, 'घे, मुंग्या आल्यासारखं वाटेल, ते वाटलं म्हणजे लागू पडतंय.' डब्याच्या मागचं वाचायला गेलो तर त्यावर आयातदाराचा स्टिकर, आणि तो नेमका घटकांच्या यादीवरच चिकटवलेला. कोपरा नखाने उचकटून बघितला तर खालची अक्षरंही त्याच्याबरोबर सोलून आली.

गोळी-औषध

झणझणीत, मुंग्या येतात त्या बहुतेक बीटा-अ‍ॅलनिनमुळे, ते बंदी यादीत नाही. पण डब्यात अजून काय आहे याची खात्री तो ट्रेनर देऊ शकत नाही. स्पर्धेत उतरणाऱ्याने तो चमचा हातात धरूच नये.

काळा कोट

मूळ प्रश्नाकडे येते. 'एकाच्या दोषाने चौघे बाद' हा नियम आज स्वयंसिद्ध वाटतो, पण तो तसा नव्हता. हा इतिहास बघा, फार रोचक आहे.

सिडनी २०००. अमेरिकेचा पुरुषांचा ४ बाय ४०० संघ जिंकला. पुढे उघड झालं की जेरोम यंग, जो फक्त आधीच्या फेऱ्यांत धावला होता, तो १९९९ च्या एका नमुन्यामुळे खेळायलाच पात्र नव्हता. प्रकरण लवादाकडे गेलं. २००५ मध्ये लवाद म्हणाला, त्या काळच्या नियमात संपूर्ण संघ बाद करावा असं कुठेही लिहिलेलं नाही, सबब पदकं राहतील. मायकेल जॉन्सनचं सुवर्ण वाचलं. मग २००८ मध्ये त्याच संघातल्या, अंतिम फेरीत धावलेल्या, अँटोनियो पेटिग्रूने उत्तेजकं घेतल्याची न्यायालयात शपथेवर कबुली दिली. जॉन्सनने आपण होऊन जाहीर केलं की हे पदक मी परत करतो. त्यानंतर आयओसीने सगळ्यांचंच काढलं.

तीच सिडनी, महिलांचे संघ. मॅरियन जोन्सने कबुली दिल्यावर तिच्या रिलेतल्या सहकाऱ्यांची पदकं २००८ मध्ये काढली. त्या लवादाकडे गेल्या आणि २०१० मध्ये जिंकल्या, त्याच कारणाने: २००० सालच्या नियमांत तशी तरतूद नव्हती. म्हणजे जोन्सचं गेलं, सोबतच्यांची राहिली.

बीजिंगपर्यंत ही फट बुजवलेली होती. त्यामुळे बोल्ट, फ्रेटर, पॉवेल आणि प्राथमिक फेरीत धावलेला ड्वाइट थॉमस यांना वाचवायला कायद्यात जागाच नव्हती. बोल्टने पदक परत केलं.

नियमाच्या बाजूने माझा युक्तिवाद सोपा आहे. मुरूम म्हणाले तसं घड्याळ बॅटनचं असतं. पंचवीस टक्के अंतर अवैध असेल तर ३७.१० मधले वैध सेकंद कोणते ते तुम्ही वेगळे काढून दाखवा. जमत नसेल तर निकाल अखंड आहे, आणि अखंडच रद्द होणार.

खडूस काका

काळा कोट, युक्तिवाद चोख. पण चोख युक्तिवादाने न्याय होतोच असं नाही हे तुम्हाला मी काय सांगावं? फ्रेटरने शेजारच्याच्या पाण्याच्या बाटलीवर पहारा द्यायचा होता का? कुठल्याही फौजदारी कायद्यात एकाच्या गुन्ह्याला दुसऱ्याला शिक्षा नाही.

काळा कोट

काका, शिक्षा आणि निकाल यात गल्लत होतेय. फ्रेटरवर बंदी आली नाही, दंड नाही, त्याच्या नावावर गुन्हा नाही. निकाल दुरुस्त झाला, एवढंच. बनावट सातबाऱ्यावर जमीन विकत घेतलेल्या प्रामाणिक माणसालाही जमीन सोडावी लागते. त्याचा दोष नसतो, पण जमीन त्याची नसते.

पूर्वा_४००

आणि त्या जमिनीचा खरा मालकही कुणीतरी असतो, त्याच्याबद्दल अजून कुणीच बोललं नाही म्हणून लिहिते. त्रिनिदाद आणि टोबॅगो. ब्लेडमन, बर्न्स, कॅलेंडर, थॉम्पसन, ३८.०६. बीजिंगपर्यंत त्या देशाकडे ऑलिंपिक सुवर्ण होतं एकच, १९७६ च्या माँट्रियलचं हेझली क्रॉफर्डचं. म्हणजे बत्तीस वर्षांनी त्यांच्या देशाला सुवर्ण मिळाल्याचा दिवस त्यांनी मैदानावर दुसरे म्हणून घालवला. राष्ट्रगीत जमैकाचं वाजलं. सुवर्णपदक प्रत्यक्ष हातात पडलं २०२२ मध्ये, स्वित्झर्लंडला लोझानच्या ऑलिंपिक संग्रहालयात. ना भरलेलं स्टेडियम, ना पळण्याचं वय.

जपान ब्राँझवरून रौप्यवर, आणि ब्राझील चौथ्यावरून ब्राँझवर. ब्राझीलचे तर त्या दिवशी व्यासपीठावरही नव्हते.

सिडनीच्या ४ बाय ४०० चं सुवर्ण नायजेरियाला देण्याचा निर्णय झाला जुलै २०१२ मध्ये. त्यांच्या अंतिम संघातला संडे बाडा डिसेंबर २०११ मध्ये वारला होता.

मी कॉलेजात ४ बाय ४०० पळायचे. 'फ्रेटरचा काय दोष' म्हणताना कॅलेंडरचा काय दोष होता हे आधी सांगा, काका.

चौथी लेन

पूर्वा, माझ्या 'हो' मागचं कारण तुम्ही माझ्यापेक्षा बरं लिहिलंत. माझा राग नियमावर नाही, विलंबावर आहे. नमुना २००८ मध्येच बाटलीत होता. बाहेर यायला आठ वर्षं, निकालाला नऊ, अपिलाला दहा, पदक द्यायला चौदा.

आणि बीजिंगमध्ये हे फक्त पुरुषांत घडलं नाही. महिलांच्या ४ बाय १०० चं रशियाचं सुवर्णही असंच फेरतपासणीत गेलं, आणि ते बेल्जियमला मिळालं. लंडनला कार्टरच्या संघामागे ३७.०४ मध्ये आलेल्या अमेरिकेचं रौप्य टायसन गेमुळे गेलं आणि पुन्हा त्रिनिदादला लाभ. त्रिनिदादवाल्यांनी कायम दुसरं-तिसरं यावं आणि वाट बघावी, अशी व्यवस्थाच झाली होती म्हणा ना.

टोरांटोकर

उशिरा आलो धाग्यावर. इथे टोरांटोत जमैकन मंडळी भरपूर. आमच्या गोदामात माझ्या शिफ्टला एक किंग्स्टनचे गृहस्थ आहेत, साठीचे, शाळेत असताना 'चॅम्प्स' पळालेले. (चॅम्प्स म्हणजे तिथली आंतरशालेय अ‍ॅथलेटिक्स स्पर्धा. शालेय स्पर्धेला स्टेडियम खच्चून भरतं, आपल्याकडे रणजी फायनललाही भरत नाही.) कार्टरचा विषय काढला की ते चिडत नाहीत, हे मला नवल वाटतं. त्यांचं म्हणणं, पहिल्या लेगला जो उभा राहतो त्याला हरल्यावर शिव्या मिळतात आणि जिंकल्यावर कॅमेरा शेवटच्याकडे असतो, हे त्याला लहानपणापासून ठाऊक असतं. पावडरीबद्दल विचारलं तर मात्र हात झटकून कामाला लागतात.

बेन जॉन्सनचा उल्लेख वर आलाय म्हणून अवांतर: तोही मूळचा जमैकाचाच, फाल्मथचा. सोलला जिंकल्याच्या दिवशी इथल्या लोकांसाठी तो कॅनडाचा होता आणि पकडल्यावर जमैकन झाला, हा इथला जुना, कडवट विनोद.

रिकामटेकडा

+१ टोरांटोकर. आपण नाही का, जिंकला की 'आपला', हरला की कुठल्या राज्याचा ते शोधतो.

झणझणीत

कुणीतरी भारतीय बाजू मांडा की. आपल्याकडे असं 'वरून खाली' पदक सरकलंय का कधी?

पूर्वा_४००

सरकलंय, आणि आपल्याच पदरात पडलंय. २०१८, जकार्ता आशियाई स्पर्धा, मिश्र ४ बाय ४००. अनस, पूवम्मा, हिमा दास, आरोकिया राजीव. ३:१५.७१, रौप्य. बहारीन जिंकलं होतं. त्यांची केमी अडेकोया पुढे उत्तेजकात सापडली, बहारीन बाद झालं आणि २०२० मध्ये आपलं रौप्य सुवर्ण झालं. तेव्हा इथे कुणी 'बहारीनच्या बाकी तिघांचा काय दोष' असा धागा काढल्याचं मला आठवत नाही.

आता त्याच संघातली पूवम्मा बघा. रिले म्हणजे काय हे आपल्याकडे तिच्या कारकिर्दीवरून शिकावं. २०१४ इंचॉन आशियाईला ४ बाय ४०० चं सुवर्ण, ३:२८.६८. २०१८ जकार्ताला पुन्हा सुवर्ण: हिमा, पूवम्मा, सरिताबेन गायकवाड, विस्मया. (सरिता डांगची, म्हणजे आपल्या नाशिकच्या हद्दीला लागूनच.) मग फेब्रुवारी २०२१ मध्ये पूवम्माचा नमुना सदोष आला. द्रव्य? तेच, मिथाइलहेक्सानअमिन. नाडाच्या (राष्ट्रीय उत्तेजकविरोधी संस्थेच्या) शिस्तपालन समितीने आधी तीन महिन्यांची बंदी दिली, अपील समितीने २०२२ मध्ये ते दोन वर्षं केले. ती भोगून परत आली आणि २०२४ ला पॅरिसमध्ये भारताच्या ४ बाय ४०० संघात धावली, चौतिसाव्या वर्षी.

तिची आधीची सुवर्णं शाबूत आहेत, कारण नमुना नंतरचा. हाच न्याय २०१० च्या दिल्ली राष्ट्रकुलच्या ४ बाय ४०० ला. मनजीत, सिनी जोस, अश्विनी अक्कुंजी, मनदीप जिंकल्या, आणि २०११ मध्ये त्यातल्या तिघी स्टिरॉइडमध्ये सापडल्या. दिल्लीचं सुवर्ण आजही आपल्या नावावर आहे. पचतं का? मला पूर्ण पचत नाही. पण नियम तारखेला बांधलेला आहे, माणसाला नाही. कार्टरचं २०१२ राहतं ते त्याच तत्त्वाने.

खडूस काका

पूर्वा, दिल्लीचा दाखला बरोबर नेम धरून मारलात. तरी माझं म्हणणं तसंच आहे. ज्याच्या हेतूत खोट नाही अशा तिघांसाठी काहीतरी मधली सोय हवी. ब्रिटनचं टोकियोचं उदाहरण घ्या. उजा, ह्यूज, किल्टी, मिचेल-ब्लेक. इटलीने ३७.५० मध्ये जिंकलं, हे ३७.५१. एका शतांशाने सुवर्ण हुकलं, आणि पुढे उजाच्या नमुन्यामुळे रौप्यही गेलं. आणि तपासात काय निघालं, तर उजाने मुद्दाम घेतलं नव्हतं, दूषित सप्लिमेंट. म्हणजे तिथे दोषीच नीटसा दोषी नाही, आणि तरी चौघांचे हात रिकामे!

काळा कोट

मुद्दाम नाही म्हणून त्याची बंदी बावीस महिन्यांवर आली, पूर्ण मुदतीची नाही. हेतूचा विचार शिक्षेत होतो, निकालात होत नाही. आणि रौप्य कॅनडाला गेलं, टोरांटोकरांना विचारा त्यांना मधली सोय हवी आहे का.

टोरांटोकर

मला मध्ये ओढू नका. त्या कॅनडा संघातला डी ग्रास इथला लाडका आहे, जेवण मिळणार नाही.

रिकामटेकडा

कार्टरचं पुढे काय झालं ते राहिलंच. निवृत्त झाला ना?

चौथी लेन

ऑगस्ट २०२१ मध्ये निवृत्ती जाहीर केली. पण गोष्ट तिथे संपत नाही, आणि काकांच्या हातात कोलीत द्यायचं नाही म्हणून मूळ लेखात लिहिलं नव्हतं असं कुणी म्हणू नये: मार्च २०२१ च्या नमुन्यात क्लोमिफीन हे दुसरं बंदी असलेलं द्रव्य सापडलं आणि २०२२ मध्ये जमैकाच्या शिस्तपालन समितीने चार वर्षांची बंदी घातली. बीजिंगच्या वेळी 'प्रशिक्षकांच्या सल्ल्याने सप्लिमेंट्स घेत होतो' हे त्याचं सांगणं ऐकून घेणारे होते. दुसऱ्यांदा ते ऐकणारं फारसं कुणी उरलं नाही. मीही नाही.

खडूस काका

कोलीत मिळालं, वापरत नाही. एवढं मात्र विचारतो: हे माहीत असूनही पहिल्या परिच्छेदातलं 'त्याच्या तोडीचा दुसरा नव्हता' कायम?

चौथी लेन

कायम. २०११ ते २०१५, चार मोठ्या अंतिम फेऱ्या, चारही वेळा बॅटन फ्रेटरला किंवा त्याच्या जागी आलेल्याला व्यवस्थित पोचली. त्याच काळात देगूला अमेरिकेचा पॅटन तिसऱ्या अदलाबदलीत ब्रिटनच्या धावपटूवर आदळून पडला, मॉस्कोत ब्रिटन झोनबाहेर गेलं, २०१५ ला बीजिंगमध्ये अमेरिकेचे गे आणि रॉजर्स झोनबाहेर गेले. २००८ ला तर अमेरिकेच्या दोन्ही संघांनी प्राथमिक फेरीतच बॅटन टाकली होती. जमैकाच्या पुरुषांचं बस्तान बसलेलं होतं, आणि पहिल्या अदलाबदलीला दर वेळी हा होता.

मुरूम

अदलाबदलीवरून आठवलं. रिओ २०१६ ला जपानने ३७.६० मध्ये रौप्य घेतलं. यामागाता, इझुका, किर्यू, केंब्रिज. त्या दिवसापर्यंत चौघांपैकी एकही १०० मीटरला अधिकृत वेळेत दहाच्या आत आलेला नव्हता! ते बॅटन खालून वर देतात. घेणाऱ्याचा हात कमरेपाशीच राहतो, मागे ताणावा लागत नाही, त्यामुळे पळण्याची लय मोडत नाही. तोटा असा की दोघांना फार जवळ यावं लागतं, हाताच्या लांबीचा फुकटचा फायदा जातो. शिवाय बॅटनचं पकडायला उरलेलं टोक दर वेळी आखूड होत जातं.

माझ्या मुलींच्या संघाला यंदा हेच शिकवावं का, या विचारात आहे. चौघींपैकी दोघींचा हात मागे घेतला की खांदा वळतो आणि वेग मरतो.

पूर्वा_४००

सर, शिकवा, पण चौघींना एकदम नको. पहिली आणि दुसरी यांच्यातच करून बघा, तिथे येणारीचा वेग सगळ्यात भरवशाचा असतो. आणि आता वेग घ्यायचा भाग झोनमध्येच धरून सलग तीस मीटर मिळतात, २०१७ अखेरपर्यंत होता तसा वीसचा झोन नाही. जवळ यायला जागा आहे. ट्रॅक मातीचाच आहे का अजून?

मुरूम

मातीचाच. चर पुसला जाऊ नये म्हणून आता चुन्यात थोडा फेविकॉल कालवून रेघ मारतो, दिवसभर टिकते. विभागीय स्पर्धा पुढच्या महिन्यात आहेत. आधी दोन्ही पद्धतींनी झोनमधल्या तीस मीटरची वेळ घेतो आणि आकडे इथेच टाकतो.